एका पुठ्ठ्यात तीन काठ

आमच्या घरात चुलीशेजारी दोन सारखी पातेली असायची. एकात वरण शिजायचं आणि दुसऱ्यात खळ. खळ म्हणजे मैदा पाण्यात कालवून मंद आचेवर घोटायचा, तो चकचकीत होऊन पळीला धरू लागला की उतरवायचा आणि त्यात चिमूटभर मोरचूद टाकायचं. मोरचुदामुळे पुस्तकाला कसर लागत नाही. पण ते विषारी, म्हणून मायनं खळीच्या पातेल्याच्या कानाला लाल दोरा बांधून ठेवला होता. शेजारच्या कमलअक्का पापड लाटायला आमच्या ओट्यावर यायच्या आणि चहाचा कप हातात घेतला की हमखास म्हणायच्या, "वच्छीनी माय, तुन्हा घर काही खावानं म्हंजे आधी दोरा दखना पडस!" माय हसायची आणि उत्तर द्यायची, "तुले दोरानी काय गरज? तुन्हा तोंडले कसर लागाव नही." उन्हाळ्यात बिबड्यांसाठी, म्हणजे ज्वारीच्या पापडांसाठी, पीठ शिजायला लागलं की दोन्ही पातेल्यांतून सारखाच रटरट आवाज यायचा. त्या आवाजावरून कुठलं खायचं आणि कुठलं पुस्तकाचं, हे मला डोळे मिटून सांगता येत असे. अजूनही पिंप्राळ्यात मुलाच्या घरी सुनेनं कशाची पेज शिजत ठेवली की माझं लक्ष आधी पातेल्याच्या कानाकडे जातं.

माझे वडील पुस्तकं बांधायचे. त्यांना आम्ही आबा म्हणत असू. ते एका छापखान्यात हे काम शिकले आणि नंतर जुन्या जळगावातल्या आमच्या घराची पुढची खोली त्यांनी कामाला घेतली. खोलीत एक लाकडी शिकंजा होता, म्हणजे पुस्तकं दाबून धरायचा मोठा चाप. त्याचा दांडा फिरवला की तो म्हाताऱ्या माणसासारखा कण्हायचा. सकाळी अंथरुणात असतानाच कागद दुमडून त्यावर हाडाची पट्टी फिरवल्याचा सर्रसर्र आवाज यायचा, मग आरीनं भोकं पाडल्याचा टकटक आवाज, मग मेणावरून दोरा ओढल्याचा बारीक आवाज. दुपारी कापसाच्या कारखान्याचा भोंगा झाला की हात थांबायचे. कळण्याची भाकरी, ठेचा, त्यावर शेंगदाण्याच्या तेलाची धार. जेवणाआधी हात धुवायचे ते मोरचुदासाठी आणि जेवणानंतर धुवायचे ते पुस्तकांसाठी. कुणाच्या पानाला तेलाचं बोट लागलं, तर आबा ओरडत नसत. दिवसभर बोलत नसत. ते जास्त लागायचं.

न बोलण्यात मात्र मी त्यांच्याही पुढे होते. माझं नाव विचारणाऱ्याला ते नेहमी दोनदा विचारावं लागे. पहिल्यांदा माझे ओठ हलायचे, पण आवाज यायचा नाही. चौथीपर्यंत निभावलं, कारण आमच्या शाळेतल्या बाई गल्लीतल्याच होत्या आणि त्या मला लिहायला लावायच्या, बोलायला नाही. पाचवीला मोठ्या शाळेत गेले. पहिल्याच दिवशी गुरुजींनी उभं केलं, नाव विचारलं, मग धडा वाचायला सांगितला. सगळा वर्ग मागे वळून बघत होता. पुस्तकातलं अक्षर न् अक्षर मला येत होतं, पण घशातून काही निघेना. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशी तेच. पोरींनी माझं नाव मुकी ठेवलं. पंधरा दिवसांनी मी दप्तर खुंटीला टांगलं आणि आबांच्या खोलीत जाऊन बसले. माय म्हणाली, "मिठनी गुळनी धरी बठनी तर जलमभर काय करशी वं?" आबांनी मला काही विचारलं नाही. त्यांनी सुईत दोरा ओवला आणि सुई माझ्या हातात दिली. त्यांना फार वाईट वाटलं होतं, हे मला पुष्कळ वर्षांनी मायकडून कळलं.

आबांच्या कामाचा एक नियम होता. गिऱ्हाइकाचं पुस्तक वाचायचं नाही. त्यांनी तो मला पहिल्याच दिवशी सांगितला. "शिंपी गिऱ्हाइकनं आंगडं घाली फिरस का? तसंच शे हाई." पानांचे आकडे बघायचे, फर्मे म्हणजे दुमडलेल्या पानांचे गठ्ठे लावायचे, शिवायचं आणि द्यायचं. एवढी पुस्तकं त्यांच्या हाताखालून गेली, पण त्यांनी एकही वाचलं नव्हतं. ते ही गोष्ट अभिमानानं सांगत.

मी मात्र वाचायची. शिवताना पान मांडीवर असतं, आणि डोळे मिटून तर शिवता येत नाही. आधी एक ओळ, मग एक परिच्छेद. मग मी मुद्दाम सावकाश शिवू लागले. ज्या पुस्तकाचं शिवण संपलं त्याची गोष्ट अर्धीच राहायची, आणि शिकंज्यात दाबलेल्या पुस्तकातल्या माणसांचं पुढे काय झालं असेल याचा विचार करत मी भांडी घासायची. हे कुणाला माहीत नव्हतं. मी बोलतच नसल्यामुळे गुपित ठेवायला मला काही कष्ट पडले नाहीत.

आमचं सगळ्यात मोठं काम धरणगावच्या एका वाचनालयाचं असे. वर्षातून दोन-तीनदा तिथून पोतं भरून फाटकी पुस्तकं यायची. तिथल्या ग्रंथपालांना सगळे नाना म्हणत. ते प्रत्येक पोत्यात एक चिठ्ठी ठेवत. पातळ पुस्तकं असतील तर पुठ्ठा आणि कापड वाचावं म्हणून दोन-तीन एकत्र बांधायची पद्धत होती, आणि चिठ्ठीत तेच लिहिलेलं असे: 'पातळ पुस्तके एकत्र बांधावीत.' कुठली कुठल्याबरोबर, हे आबांना कधी विचारावं लागलं नाही. प्रत्येक पुस्तकाच्या पहिल्या पानावर निळ्या पेन्सिलीनं एक अक्षर असायचं. अक्षराला अक्षर जुळवायचं आणि मापाला माप. ती अक्षरं कशाची, हे मी कधी विचारलं नाही. मला वाटायचं, धोब्याच्या खुणेसारखी काहीतरी खूण असेल.

माझी शाळा सुटून काही वर्षं झाली होती. त्या वर्षी पोतं आलं आणि दोनच दिवसांत आबांना डोळ्याच्या ऑपरेशनसाठी धुळ्याला जावं लागलं. तिकडे माझी मावशी होती. चुलीचा धूर नको, वाकायचं नाही, म्हणून डॉक्टरांनी त्यांना महिनाभर मावशीकडेच राहायला सांगितलं. निघताना ते पोत्याकडे बघत उंबऱ्यात उभे राहिले. माय म्हणाली, "तुम्ही जा. आम्ही करी टाकसूत." आबा माझ्याकडे वळले. मी मान हलवली. मग ते गेले.

पोतं सोडलं तर त्यातून ओलीचा वास आला. वाचनालयाचं छत गळलं होतं. कित्येक पुस्तकांची पहिली पानं लगदा होऊन गेलेली, कित्येकांचे कोपरे उंदरांनी खाल्लेले, आणि कोपऱ्यांबरोबर पानांचे आकडेही गेलेले. सुटी पानं मी खोलीभर पसरली, प्रत्येकावर एकेक खडा ठेवला. आकडे नाहीत म्हटल्यावर पान लावायचा एकच मार्ग उरला होता. मी सगळं वाचायला बसले. पहिल्यांदाच मला चोरून वाचावं लागत नव्हतं. माय दारातून बघायची, तिला वाटायचं पोरगी पानं मोजतेय.

त्या पसाऱ्यात तीन पातळ पुस्तकं अशी निघाली की त्यांचं पहिलं पान नव्हतं, नाव नव्हतं, निळं अक्षरही नव्हतं. पहिली होती एका नावाड्याच्या पोरीची गोष्ट. नदीवर पूल होतो, नावेत कुणी बसेनासं होतं, बाप खाट धरतो, आणि ती पोरगी रोज सकाळी नाव काठाला आणून दोर हातात धरून उभी राहते. दुसऱ्यात कविता होत्या, सगळ्या समुद्राच्या किनाऱ्यावरच्या. तिसऱ्यात एका जुन्या बंदराची हकिकत होती. तिथे कुठून गलबतं येत, काय उतरत असे, कोण जकात घेत असे, आणि मग खाडी गाळानं कशी भरत गेली आणि समुद्र गावापासून कसा दूर गेला.

मी तोवर समुद्र पाहिला नव्हता. आमच्या घरात कुणीच पाहिला नव्हता. काठ म्हटला की मला उन्हाळ्यातली गिरणा आठवायची, अर्धी वाळू आणि मधे म्हशी बसतील एवढं पाणी. नाहीतर मेहरूणचा तलाव. पण ती तीन पुस्तकं वाचताना मला राहून राहून वाटत होतं की हे सगळं एकाच ठिकाणी चाललं आहे. पोरगी उभी आहे तोच काठ कवितेत आहे, आणि बंदराच्या पुस्तकातला माणूस पुष्कळ वर्षांनी त्याच काठावर येऊन माती उकरतोय. (पुढे माझ्या मुलीनं मला समुद्र दाखवला. फार मोठा आवाज होता आणि पायाखालची वाळू सरकत होती. मी तिला छान म्हटलं. पण ओळखीचा वाटला तो पुस्तकांतलाच.) सारख्या मापाची आणखी तीन-चार पुस्तकं होती, पण मी हीच तीन एकावर एक ठेवली. आधी गोष्ट, मग कविता, मग बंदर. एकच शिलाई घातली, पाठीला काळं कापड लावलं, आणि मायनं शिकंज्याचा दांडा फिरवला. त्या रात्री मला फार गाढ झोप लागली. आपण काही चुकीचं केलं असं मनातही आलं नाही. उलट माझ्या मनानं काही केलं, असं ते पहिलंच काम होतं.

बांधलेली पुस्तकं एसटीनं धरणगावला गेली. आबा परत आले, एका डोळ्यावर हिरवी पट्टी आणि दुसरा आधीच अधू. चष्मा अजून व्हायचा होता. मागे राहिलेली, मी शिवलेली एक-दोन पुस्तकं त्यांनी हातानं चाचपून पाहिली, पाठीवरून अंगठा फिरवला आणि म्हणाले, "बरं शे." त्यांच्या तोंडून एवढं म्हणजे पुष्कळच.

नाना आले ते दुपारी, आम्ही जेवून हात धुतले तेवढ्यात. पांढरा सदरा, डोक्यावर टोपी, काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी. मी आतल्या दाराच्या आड गेले. पाहुणा आला की माझी जागा तीच. मायनं पाणी दिलं. नानांनी ते घेतलं, पण प्यायले नाहीत. वर्तमानपत्र उलगडून त्यांनी पुस्तक शिकंज्यावर ठेवलं. दाराच्या फटीतून मी ते लगेच ओळखलं.

"भाऊ, हे तुम्ही बांधलंय?"

आबांनी पुस्तक हातात घेतलं, नेहमीसारखा पाठीवर अंगठा फिरवला. "शिलाई सुटनी का?"

"शिलाई कुठली सुटते? बैलगाडी ओढली तरी सुटायची नाही. आतलं बघा ना. आमच्याकडे एक तलाठीअप्पा आहेत, निवृत्त. फक्त इतिहास वाचतात. त्यांना बंदराची माहिती हवी होती, मी हे दिलं. तर आधी नावाड्याची पोरगी, मग कविता! अप्पा म्हणाले, नाना, या वयात मला कविता वाचायला लावता का?"

"मंग परत करं त्यासनी?"

"कुठे परत करतात! तक्रार केली आणि पुस्तक तीन आठवडे सोडलं नाही. शेवटी घरी जाऊन आणलं. तो भाग वेगळा. पण मी हे ठेवू कुठे? कादंबरीचं कपाट वेगळं, कवितेचं वेगळं, इतिहासाचं वेगळं. तीन रजिस्टरं आहेत माझी. तपासणीला माणूस आला आणि त्यानं विचारलं, तर काय सांगू? इतक्या वर्षांत तुमच्याकडून असं कधी झालं नाही, भाऊ. कोणाकडून झालं हे?"

आबांनी पुस्तक शिकंज्यावर ठेवून त्यावर हात ठेवला. मग म्हणाले, "मीच बांधं."

मायनं पदर तोंडाशी नेला. नानांनी आबांच्या पट्टीकडे बघितलं. "डोळ्यामुळे झालं असेल. मग समजू शकतो."

"नही. डोळाना आगोदरनं शे ते."

खोटं बोलायची सवय नसलेला माणूस खोटं बोलला की असंच होतं. डोळ्याचं नाव घेतलं तर पोतं कोणी पुरं केलं हे विचारलं जाईल, म्हणून आबांनी डोळाच बाजूला काढला, आणि त्यामुळे स्वतःच अडकले. नाना हळूच म्हणाले, "चांगल्या डोळ्यांनी बांधलंत? मग अवघड आहे, भाऊ. राग मानू नका, पण पुढचं पोतं मी धुळ्याला पाठवतो. तिथे दोघं-तिघं आहेत बाइंडर."

आबांनी मान हलवली. एवढंच. त्यांचा हात त्या पुस्तकावर तसाच होता. त्या खोलीत दुसरं काही मोठं काम नव्हतं, लग्नपत्रिकांची पाकिटं आणि शाळेच्या वह्या. वाचनालयाची पोती थांबली असती तर आबांचं नाव गेलं असतं आणि माझी पुस्तकंही. मला खरं सांगायचं तर त्या क्षणी दोन्ही एकदमच दिसलं. मी दाराबाहेर आले.

"मी," असं मी म्हटलं. ते माझं मलाच ऐकू आलं.

नाना वळले. "काय?"

"मी बांधं."

आबा माझ्याकडे बघत नव्हते, त्यांना तेवढं दिसतच नव्हतं, पण त्यांचा चेहरा आवाजाच्या दिशेनं वळला. माय घाईघाईनं म्हणाली, "नाना, पोर शे. तिले काय समजस? चौथी शिकेल शे."

"नाव काय तुझं?" नानांनी विचारलं. माझे ओठ हलले. "नाव काय म्हणालीस?"

"वच्छी," मायनं सांगितलं.

"वच्छी, तीन वेगळ्या जातींची पुस्तकं एकत्र का शिवलीस? मापाला माप म्हणून?"

मी नाही म्हणून मान हलवली. कारण सांगायचं तर शब्द कुठले आणायचे? मग मी आबांच्या हाताखालून पुस्तक ओढून घेतलं. मला माहीत होतं तिथे उघडलं. नावाड्याच्या पोरीचं शेवटचं पान. मी वाचायला लागले. पहिल्या दोन ओळी नुसत्याच हवेत गेल्या, तिसरी ऐकू आली:

"'पलीकडे पुलावरून दिवे सरकत होते. तिनं दोर सोडला नाही, ओढलाही नाही. ती नुसती काठावर उभी राहिली.'"

मी पान उलटलं. पुढे कविता होती.

"'भरती येते, पायऱ्या मोजते,
उंबऱ्यापाशी थांबते;
घरात कोण आहे विचारत नाही,
ओल ठेवून जाते.'"

मग मी बंदराच्या पुस्तकावर आले. तिथे एक वाक्य होतं, ते मला पाठ होतं, तरी बोट ठेवून वाचलं: "'गावकऱ्यांनी आम्हाला शेतात एक उभा दगड दाखवला. पूर्वी त्याला गलबतं बांधत. आज त्याला बैल बांधतात.'"

मी पुस्तक मिटलं. बाहेर ओट्यावर कमलअक्कांचं लाटणं चालू होतं, ते थांबलेलं मला ऐकू आलं. तेव्हा कुठे मला माझं कारण सापडलं, आणि ते मी आमच्याच बोलीत सांगितलं. "त्या पोरना हातमा दोर शे. तिले बांधाले काही नही. आठे, हाई पुस्तकमा, दगड शे. म्हनीसन मी एकत्र करं."

नाना पाणी प्यायले. सगळा तांब्या संपवला. मग त्यांनी विचारलं, "पोत्यातली सुटी पानं कोणी लावली? कित्येकांना आकडे नव्हते. मला वाटलं होतं अर्धी तरी उलटसुलट येतील. एक चूक नाही सापडली."

"मी."

"कशी लावलीस?"

हे सांगणं सगळ्यात कठीण होतं. आबा समोर बसले होते. "वाचीसन," मी म्हटलं.

"सगळी?"

मी मान हलवली. आबांनी मांडीवरचा हात उचलला आणि पुन्हा ठेवला. नाना माझ्याकडे बघत राहिले, मग हसले, आणि मग त्यांनी तोंड पुन्हा ग्रंथपालासारखं केलं. "तू म्हणतेस ते मला पटलं. अप्पांनाही पटलेलं दिसतंय. पण माझ्याकडे कपाटं तीन आहेत, बाई. हे उसवावं लागेल." त्यांनी खिशातून निळी पेन्सिल काढली आणि रद्दी कागदावर तीन अक्षरं लिहून दाखवली. कादंबरीचं कपाट खिडकीपाशी, कवितेचं आतल्या खोलीत, इतिहासाचं जिन्याखाली. ही अक्षरं त्यांची. "आता पहिलं पान नसलं तरी तुला कळेल. तू वाचतेसच. मग अक्षर तूच लिहायचं. आठ दिवसांनी येतो. पुढचं पोतंही तेव्हाच आणतो." जाताना ते उंबऱ्यात थांबून आबांना म्हणाले, "भाऊ, खोटं बोलणं तुम्हाला जमत नाही. पुन्हा करू नका."

ते गेल्यावर मी आरी आणि कात्री घेऊन बसले. जिनं शिवलं तिनंच उसवावं. शिलाईच्या पहिल्या गाठीखाली कात्रीचं टोक घातलं, तोच आबा म्हणाले, "थांब." मला वाटलं, आता नियमाचं निघणार. शिंप्याचं आणि आंगड्याचं. मी खाली मान घालून थांबले. आबांनी पट्टीवरून हात फिरवला. "उसवाना आगोदर एकदाव बठ्ठं वाच. पयलाथून. माले ऐकनं शे."

"गिऱ्हाइकनं शे ते," मी म्हटलं.

"माहीत शे माले," आबा म्हणाले. "वाच."

पुढचे पाच दिवस भोंगा झाला, जेवणं झाली, हात धुतले, की मी वाचत असे. आबा शिकंज्याला टेकून बसायचे. माय निवडायला धान्याचं सूप घ्यायची आणि निवडायची विसरायची. पहिल्या दिवशी कमलअक्का दारात उभ्या राहिल्या, दुसऱ्या दिवशी पाट घेऊन आत बसल्या आणि म्हणाल्या, "हाई पोरगी बोलस का? मी तर समजनू, इना तोंडलेबी लाल दोरा बांधेल शे." नावाड्याच्या पोरीपाशी त्या रडल्या. कविता त्यांना फार आवडल्या नाहीत. बंदराच्या पुस्तकात मात्र आबा मला सारखे थांबवत. गलबतातून कागद उतरत असे का? दोर कशाचा असे? मी पुढे वाचायची, आणि कधी कधी उत्तर खरंच सापडायचं. सापडलं की आबा असे मान हलवायचे की जणू ते स्वतः तिथे जाऊन विचारून आले आहेत.

सहाव्या दिवशी मी पुस्तक उसवलं. दोरा एका ओढीत निघाला नाही, फार घट्ट शिवलं होतं. काळं कापड कापल्यावर तिन्ही पुस्तकांना पुरेना. मायनं आपल्या जुन्या निळ्या लुगड्याचा काठाकडचा भाग फाडून दिला. त्यामुळे वाचनालयाच्या सगळ्या काळ्या पुस्तकांत ती तीनच निळी झाली. उरलेल्या पहिल्या पानांवर मी निळ्या पेन्सिलीनं तीन वेगळी अक्षरं लिहिली. नाना न्यायला आले तेव्हा निळ्या कापडाकडे त्यांनी बघितलं आणि तिन्ही पुस्तकं काखेत मारली. त्यानंतर माझं लग्न होऊन मी धुळ्याला जाईपर्यंत प्रत्येक पोत्यातल्या चिठ्ठीत शेवटी एक ओळ माझ्यासाठी असायची. अमुक पुस्तक आधी वाच, तमुक वाचू नकोस, कंटाळवाणं आहे. मी कंटाळवाणं म्हटलेलं आधी वाचायची. आणि आबा चष्मा आला तरी म्हणायचे, अक्षर बारीक शे, तूच वाच.

आता आबा, माय, नाना कोणीच नाही. धुळ्यात संसार झाला, मुलं झाली, त्यांच्या वह्या मी घरीच शिवल्या. ही वहीही मीच शिवलेली आहे, नातवाच्या वह्यांत उरलेल्या कोऱ्या पानांची. हे मी कुणाला दाखवायला लिहीत नाही. मागच्या हिवाळ्यात धरणगावला एका लग्नाला गेलो होतो. जेवणाच्या पंगतीला वेळ होता. सून मैत्रिणीशी बोलत बसली आणि मी कुणाला न सांगता विचारत विचारत वाचनालयापर्यंत गेले. छत नवीन झालं आहे, कपाटं काचेची झाली आहेत. टेबलाशी एक तरुण मुलगी मोबाइलमध्ये काहीतरी भरत होती. मी दारातच थांबले आणि आधी खिडकीकडे बघितलं. काळ्या पाठींत एक निळी पाठ होती, विटलेली, जवळजवळ राखेच्या रंगाची. आतल्या खोलीत दुसरी दिसली. जिन्याखाली बघितलं तर नव्हती.

"काय पाहिजे आजी?" त्या मुलीनं विचारलं.

मी खिडकीकडे बोट दाखवलं. तिनं पुस्तक काढून दिलं आणि म्हणाली, इथे बसून वाचा, पण एका वेळी एकच मिळेल. मी पाठीवर अंगठा फिरवला. शिलाई धरून होती. मग मी तिला जिन्याखालचं, बंदराचं, असंच निळ्या कापडाचं पुस्तक विचारलं. तिनं रजिस्टर चाळलं आणि कपाळाला हात लावला. "ते एका सरांकडे आहे, आजी. दोनदा फोन केला, सोडतच नाहीत. आलं की कळवू का तुम्हाला? नाव सांगा."

मी नाव सांगितलं. तिला दुसऱ्यांदा विचारावं लागलं नाही.